मूळ कागद घरी

३ फेब्रुवारी, सोमवार

आज दुपारी पावणेतीनला माझा टिपर जप्त झाला. खनिज खात्याच्या पथकाने क्रशरच्या मागच्या रस्त्यावर अडवला आणि खडीसकट त्यांच्या कार्यालयामागच्या आवारात नेऊन उभा केला. मामांचा फोन आला तेव्हा मी दूध तापत ठेवलं होतं. ते उतू गेलं. शेगडी अजून चिकट आहे, पुसायची इच्छा नाही.

मामा म्हणजे माझे कोणी मामा नव्हेत. आमचे ड्रायव्हर. वडील होते तेव्हापासून गाडीवर आहेत आणि सगळं जग त्यांना मामाच म्हणतं. फोनवर रडायच्या बेताला आले होते. "ताई, मी खडी वाहतुकीचा पास दाखवला हो. तुम्ही सकाळी दिलेली झेरॉक्स दाखवली. ते ऐकूनच घेईनात."

हे काम कोणाचं ते मी तिथल्या तिथे ओळखलं. धाकट्याचं. माझ्या सख्ख्या भावाचं. दोन वर्षांपूर्वी आम्ही वाटण्या करून घेतल्या, एक टिपर त्याला, एक मला. क्रशर एकच, रस्ताही एकच. मामा सांगतात की त्याचा टिपर माझ्या दहा मिनिटं आधी तिथूनच गेला. त्याला सोडलं आणि मला धरलं. दहा मिनिटांत माणूस एक फोन सहज करू शकतो.

हे म्हणाले, "अगं, उगाच कोणावर आळ घेऊ नकोस." यांना सगळं जग गायीसारखं गरीब दिसतं. पाणीपुरवठ्याच्या कचेरीत तीस वर्षं लोकांचे अर्ज वाचून यांचा स्वभाव तसा झालाय. मी काही गरीब नाही आणि विसरणारी तर मुळीच नाही.

४ फेब्रुवारी, मंगळवार

वकीलबाई केल्या. वय माझ्यापेक्षा पंधरा वर्षांनी कमी, पण फक्त जप्तीतल्या गाड्याच सोडवतात. ऑफिसात एक कपाट, दोन खुर्च्या आणि भिंतीवर कोर्टाच्या तारखांचा एवढा मोठा तक्ता.

"तारीखवार लिहून ठेवा," म्हणाल्या. "काय घडलं ते लिहा. तुम्हाला काय वाटलं ते नको."

म्हणून दोन वह्या केल्या आहेत. निळी त्यांच्यासाठी. ही टायरवाल्याने दिलेली डायरी माझ्यासाठी. मला काय वाटलं ते इथे येईल आणि ते बरंच असणार आहे.

त्यांनी विचारलं, "गाडी धरली तेव्हा मूळ पास कुठे होता?"

"घरी. कपाटात, प्लास्टिकच्या पिशवीत," मी सांगितलं. अभिमानानेच सांगितलं. रोज सकाळी पासवर गाडीचा नंबर, माल, वेळ मी स्वतःच्या अक्षरात भरते, झेरॉक्स काढून मामांना देते आणि मूळ कागद कपाटात ठेवते. महिनाअखेर मूळ पास कार्यालयात परत द्यावे लागतात आणि एकदा मामांनी एका पासाने इंजिनातलं ऑइल मोजायची काडी पुसली होती. त्या दिवसापासून माझा नियम पक्का: मूळ कागद घरी, झेरॉक्स गाडीत. दोन वर्षांत एक पास हरवलेला नाही.

वकीलबाईंनी पेन खाली ठेवलं आणि खिडकीबाहेर बघत बसल्या.

"हे अजून कोणाला सांगितलंत?"

"नाही."

"नका सांगू."

धाकट्याच्या कानावर जाऊ नये म्हणून असणार. हुशार बाई आहे.

७ फेब्रुवारी, शुक्रवार

खनिज कार्यालयात गेले. ज्या निरीक्षकांनी गाडी धरली त्यांना मी टेपवाले म्हणते. खिशात कायम पोलादी टेप. बोलता बोलता तो बाहेर काढतात आणि टेबलाची कड मोजतात, जणू कालपासून ती वाढली असेल.

"साहेब, तक्रार कोणी केली तेवढंच सांगा."

"तक्रार नव्हती, बाई. नियमित तपासणी. एकोणीस गाड्या थांबवल्या त्या दिवशी."

"मग माझ्या भावाची कशी सुटली?"

"त्यांच्याकडे पास होता."

नियमित, म्हणे! दोन वर्षं त्या रस्त्यावर कुत्रं फिरकलं नाही आणि नेमकं सोमवारी यांना नियम आठवला. शिवाय पास माझ्याकडेही होता. टेपवाले त्याला सामील आहेत की नुसतेच भोळे आहेत ते अजून कळलेलं नाही.

मग आवारात जाऊन गाडी पाहिली. चाळीसएक गाड्या असतील तिथे. एका ट्रॅक्टरच्या दिव्यात चिमणीने घरटं केलंय. एका गाडीच्या हौद्यात झुडूप उगवलंय, माझ्या कमरेएवढं. रखवालदार मोडक्या टिपरची सीट काढून तिच्यावर बसला होता. तो म्हणाला, "इथे आलेल्या गाडीचा पहिला महिना महत्त्वाचा. नंतर ती आमचीच होते." मी पदराने पुढची काच पुसली. पुसून काय होणार, पण पुसली.

तिथे उभी असताना वाटण्यांचा दिवस आठवला. क्रशरवर सगळे भरणारे, वजनकाट्यावरचा माणूस, मामा, सगळे जमलेले आणि धाकटा हसत हसत म्हणाला होता, "ताईला कागदातलं कळतं, गाडीतलं नाही. तिला कागदच सांभाळू दे." लोक हसले. मामासुद्धा हसले, नंतर खोकल्याचं नाटक केलं.

त्या हसण्यासाठी मी दोन वर्षं कागद असे सांभाळले की देवाने माझी तपासणी करावी.

१२ फेब्रुवारी, बुधवार

गाडीचा तात्पुरता ताबा मिळावा म्हणून कोर्टात अर्ज दाखल झाला. वकीलबाईंनी अर्ज चांगला लिहिलाय. गाडी उन्हात उभी राहून भंगार होते, खटला चालेपर्यंत ती मालकाकडे राहिली तर कोणाचं नुकसान नाही, असं सगळं. "भावाने कट करून" असं एक वाक्य घाला म्हणून मी सांगितलं होतं. ते घातलेलं नाही. विचारलं तर म्हणाल्या, "न्यायाधीशांना भाऊ असतात."

सर्वात वाईट गोष्ट आज कळली. ३१ मार्चपर्यंत गाडी बाहेर निघाली नाही तर ती लिलावाच्या यादीत जाणार. म्हणजे वडिलांच्या धंद्यातला माझा वाटा कोणीतरी हात वर करून घेऊन जाणार. आणि तो हात कोणाचा असेल ते मला आत्ताच दिसतंय.

धाकट्याला काय करता येईल याचा दुपारभर विचार केला. टायरमधली हवा सोडणं पोरकट आहे. डिझेलमध्ये साखर घालतात म्हणे, पण मशीन वडिलांच्या हातची आहे, तिचा काय दोष? आईला सांगावं तर आई राहते त्याच्याकडे, ती डोळे पुसत दोघांची बाजू घेणार. मला असं काही हवं आहे की त्यालाही त्या आवारात उभं राहून पदर नसताना काच पुसावी लागेल.

२० फेब्रुवारी, गुरुवार

जिंकले! म्हणजे निम्मी जिंकले. कोर्टाने गाडी सोडायचा हुकूम दिला. अटी अशा: गाडी विकायची नाही, रंग बदलायचा नाही, बोलावतील तेव्हा हजर करायची. या माझ्या हातच्या. शेवटची अट मात्र नरड्याशी आली. एक जामीनदार हवा, ज्याच्याकडे माझ्या टिपरच्या तोलाची स्वतःची गाडी आहे. त्या गाडीवर कर्ज नको, कुठलाही खटला नको, आणि तिचं मूळ आरसी बुक माझा खटला संपेपर्यंत कोर्टात जमा करायचं.

वकीलबाई म्हणाल्या, "असा कोणी माणूस आहे तुमच्याकडे?"

आपलं एकमेव आरसी बुक दुसऱ्याच्या गाडीसाठी कोर्टात टाकून स्वतः झेरॉक्सवर फिरणारा येडा कुठे मिळणार? क्रशरवरच्या सहा मालकांना फोन केले. दोघांनी उचलला नाही, तिघांच्या गाड्या कर्जाच्या आणि एकाने माझ्या तब्येतीची फार मायेने चौकशी करून फोन ठेवला.

यांनी चहा घेता घेता विचारलं, "धाकट्याला विचारून बघू का?"

मी कप एवढ्या जोरात ठेवला की कान तुटला. कपाचा. "त्याच्या जामिनावर गाडी सोडवण्यापेक्षा मी ती स्वतःच्या हाताने लिलावात ढकलीन," म्हटलं. यांनी कपाचा तुटलेला कान उचलून खिशात ठेवला. कशाला ठेवला देव जाणे.

२४ फेब्रुवारी, सोमवार

जामीनदार मिळाला!

संध्याकाळी हे फिरून आले आणि चप्पल काढता काढता म्हणाले, "झालं काम. आरसी बुक आजच कोर्टात जमा झालंय. सात मार्चला कोर्ट कागद बघून गाडी सोडेल. फक्त त्या माणसाची एक विनंती आहे. गाडी सुटेपर्यंत तुला नाव सांगायचं नाही."

"का बरं?"

"तू आभार मानलेस तर त्याला झेपणार नाही, म्हणाला."

यांच्या कचेरीतल्या मोठ्या बाबूंचा मेव्हणा मालवाहतुकीत आहे, तोच असणार. देवमाणूस. रोजच्या ओळखीचे तोंड फिरवतात आणि ज्याचं तोंड पाहिलं नाही तो उभा राहतो. गाडी सुटली की मी त्याच्या घरी जाऊन पाया पडणार आहे, त्याला झेपो न झेपो.

हे हल्ली फिरायला गेले की दीड दीड तास येत नाहीत. आज पिशवीत आईचा स्टीलचा डबाही होता. म्हणजे धाकट्याच्या घरावरून गेले असणार. आई त्याच्या पापाची भरपाई डब्यातून करतेय. मी डबा घासून परत पाठवला, रिकामा.

२७ फेब्रुवारी, गुरुवार

आज डोक्यात तिडीक गेली ती अजून उतरलेली नाही.

शाळेच्या कुंपणभिंतीचं काम माझ्याकडे आहे. म्हणजे होतं. गाडी अडकल्यापासून ठेकेदाराला फोन करायची मला लाज वाटत होती. आज म्हटलं, जाऊन दोन आठवडे मागून घ्यावेत. वळणावरून बघते तर धाकट्याचा टिपर माझ्या कामावर खडी ओततोय! साईडला वर जास्तीच्या फळ्या चढवलेल्या, हौदा शिगोशीग.

गाडी गेल्यावर मी तिथल्या वॉचमनला गाठलं. "ही खडी कोणाची?"

"तुमचीच की, बाई," तो म्हणाला. "चलनावर तुमचंच नाव असतं. रोज येते."

माझं नाव! गाडी घालवली, गिऱ्हाईक पळवलं आणि आता माझ्या नावावर माल खपवतोय. चोरी करतानाही स्वतःचं नाव खराब होऊ नये याची काळजी. वॉचमन अजून काहीतरी सांगत होता, मी थांबले नाही.

त्या फळ्या बघून मात्र मला थंड वाटलं. एकदम गारेगार. कारण त्या फळ्या ज्या कड्यांत बसतात त्या कड्या आम्ही एकत्र होतो तेव्हा मीच वेल्डरकडून बसवून घेतल्या होत्या. आतल्या बाजूने, बाहेरून दिसणार नाहीत अशा. फळ्या चढवल्या की हौद्यात पासावर लिहिलंय त्यापेक्षा वीतभर जास्त माल मावतो. वाटण्यांनंतर त्याने फळ्या काढून टाकल्या असं मामा सांगत होते. आता माझ्या गिऱ्हाइकासाठी परत चढवल्या वाटतं.

१ मार्च, शनिवार

लिहिलं. खनिज कार्यालयाला, नाव न घालता. यांच्या जुन्या टंकलेखन यंत्रावर, म्हणजे अक्षर ओळखायला नको. गाडीचा नंबर, रस्ता, वेळ, फळ्यांची उंची, कड्या आतून कुठे आहेत, किती आहेत. वकीलबाईंनी शिकवलं तसं. काय घडतंय ते लिहिलं, मला काय वाटतं ते नाही.

पत्र पेटीत टाकलं तेव्हा आतून टप्प असा आवाज आला. घरी येऊन शेगडी घासली. तीन फेब्रुवारीपासूनचा डाग आज निघाला.

६ मार्च, गुरुवार

धरला!

मामा धावत सांगायला आले. टेपवाले मागच्या रस्त्यावर वाट बघत उभेच होते. गाडी थांबवली, थेट हौद्यात चढले, आत वाकून कड्या मोजल्या, मग टेप. मामा म्हणाले, "ताई, नुसत्या जास्तीच्या मालाला दंड करून सोडतात हो. पण त्यांनी आरसी बुक मागितलं आणि याच्याकडे झेरॉक्स! मूळ पुस्तक कुठे विचारलं तर म्हणे कोर्टात आहे. पावती दाखवा म्हटलं तर ती वकिलाकडे. मग केली की जप्त."

मी पोट धरून हसले. मला कागद शिकवणारा शहाणा, स्वतः झेरॉक्सवर फिरतोय! आणि कोर्टात म्हणे. कोर्टात काय करतंय त्याचं पुस्तक? कुठलं तरी लफडं केलेलं असणार आणि घरात कोणाला पत्ता नाही. बरं झालं बाहेर आलं.

मामा हसले नाहीत. त्यांचा जीव दोन्हीकडे, वडिलांच्या वेळचे ना. म्हणाले, "गाडी नेली तेव्हा धाकट्याने काही भांडण केलं नाही. फक्त घड्याळ बघितलं आणि म्हणाला, उद्या काय करायचं आता?"

उद्या मी माझी गाडी सोडवणार आहे, भावा. तू तुझं बघ.

हे जेवायला बसले तेव्हा सांगितलं. मी केलं हे नाही सांगितलं, झालं एवढंच. यांच्या हातातला घास तसाच राहिला. चेहरा चुन्यासारखा झाला. उठले आणि भर उन्हात, डोक्यावर टोपी न घालता बाहेर गेले. माझ्या भावाचा यांना केवढा तो पुळका! माझी गाडी गेली तेव्हा हेच दोन वेळा जेवले होते.

मला मात्र आज जेवण गोड लागलं. वाढून घेतलं.

७ मार्च, शुक्रवार

काय घडलं ते लिहिते.

अकरा वाजता कोर्टात गेले. नवी साडी नेसले होते. वकीलबाई दारातच उभ्या होत्या, हे त्यांच्या शेजारी. दोघंही माझ्याशी बोलले नाहीत. मला वाटलं, कोर्टात बोलायचं नसेल.

पुकारा झाला. कारकुनाने माझं बंधपत्र काढलं, मग जामीनदाराचा कागद. खणखणीत आवाजात गाडीचा नंबर वाचला.

तो नंबर मला पाठ आहे. वडिलांनी दुसरा टिपर घेतला तेव्हा शेवटचे दोन आकडे मी निवडले होते, धाकट्याच्या वाढदिवसाचे.

कारकून पुढे वाचत गेला. सदर वाहन काल रोजी खनिज खात्याने जप्त केलेलं असल्याने जामिनासाठी ग्राह्य नाही. जामीनदार भाऊ, नातं सख्खं. मूळ आरसी बुक चोवीस फेब्रुवारीपासून न्यायालयात जमा.

न्यायाधीश म्हणाले, "दुसरा जामीनदार आणा." आणि पुढचा पुकारा झाला. एवढंच. दोन मिनिटंही लागली नाहीत.

बाहेर बाकावर बसले. वकीलबाई पाणी घेऊन आल्या. मी म्हटलं, "त्यानेच तर माझी गाडी धरून दिली होती."

"ताई, तुमची गाडी कोणी धरून दिली नाही," त्या म्हणाल्या. "एकोणीस गाड्या तपासल्या. अठरांकडे मूळ पास होता. माल भरून निघालेल्या गाडीत मूळ पासच लागतो, झेरॉक्स चालत नाही. मला पहिल्याच दिवशी कळलं होतं. तुम्हाला सांगायचा धीर झाला नाही. सगळ्यांत जास्त अभिमानाने तुम्ही तेच सांगितलं होतंत."

हे भिंतीला टेकून उभे होते. म्हणाले, "मी त्याच्याकडे विचारायला गेलो तेव्हा मला वाक्यही पुरं करू दिलं नाही त्याने. आत जाऊन पुस्तकच घेऊन आला." मग माझ्याकडे बघून एकदम थांबले. घरी आल्यावर यांनी टंकलेखन यंत्रावरचं फडकं काढून बघितलं, रिबिनीवर बोट फिरवलं, फडकं परत घातलं. काही बोलले असते तर बरं झालं असतं.

८ मार्च, शनिवार

आवारात गेले. रखवालदार म्हणाला, "आल्या का दुसऱ्यासाठी?" जागा नव्हती म्हणून त्यांनी धाकट्याचा टिपर माझ्याच्या अगदी शेजारी लावलाय. आरशाला आरसा लागलाय.

धाकटा तिथे होता. हौद्याच्या फळ्या काढत होता. दोन वर्षांत आम्ही समोरासमोर बोललो नव्हतो. मला बघून खाली उतरला, हात पँटला पुसले.

"ताई, तुझी गाडी माझ्यामुळे अडकली," म्हणाला. म्हणजे माफी त्यानेच मागितली! "पंधरा दिवस नीट राहायचं होतं मला. पण तुझा ठेकेदार दुसरीकडून खडी घ्यायच्या बेतात होता. गिऱ्हाईक तुटलं तर गाडी सोडवून तू करणार काय? म्हणून तुझ्या नावाने टाकत होतो. माझी कामं सांभाळून रोज एकच फेरी बसायची, म्हणून फळ्या चढवल्या. मूर्खपणा झाला."

मी काहीतरी बोलायला हवं होतं. मी माझ्या गाडीचा आरसा पदराने पुसत राहिले.

तेवढ्यात टेपवाले आले. दोन्ही गाड्यांमधलं अंतर टेपने मोजून वहीत लिहिलं. धाकट्याने त्यांना विचारलं, "साहेब, तक्रार कोणाची?"

"निनावी. पण फार नीट लिहिलेली." ते टेप गुंडाळत म्हणाले, "आतल्या कड्यासुद्धा मोजून दिल्या होत्या. घरचंच माणूस असावं." माझ्याकडे बघितलं की नाही ते सांगता येत नाही. त्यांची नजर नेहमी कशाच्या तरी कडेवर असते.

ते गेले आणि धाकट्याचा चेहराच बदलला. हा चेहरा मी ओळखते. महिनाभर माझ्या आरशात होता.

"कड्यांचं तिघांनाच माहीत होतं," तो म्हणाला. "तू, मी आणि मामा. वेल्डर तर जाऊन चार वर्षं झाली. तुझा प्रश्नच नाही, तुझ्या पायावर धोंडा पडलाय. म्हणजे मामा. वडिलांनी ज्याला मुलासारखं ठेवलं तो मामा! ताई, मी त्याला सोडणार नाही. एकाही क्रशरवर त्याला स्टिअरिंगला हात लावू देणार नाही. सोमवारी सगळ्यांसमोर उभा करतो त्याला."

"थांब," मी म्हटलं. "सोमवारपर्यंत थांब."

"का?"

"मी तारीखवार लिहून ठेवलंय. ते वाच आणि मग काय ते कर."

"वही दे की मग. तुला यातलं कळतं."

तो मनापासून म्हणाला. दोन वर्षं हेच वाक्य त्याच्या तोंडून ऐकायचं होतं मला, क्रशरवरच्या सगळ्यांसमोर.

९ मार्च, रविवार

धाकट्या, हे पान तुझ्यासाठी आहे.

तुला निळी वही द्यावी असं काल घरी येईपर्यंत वाटत होतं. तिच्यात फक्त काय घडलं ते आहे, आणि एक मार्चच्या पानावर काहीच घडलेलं नाही. ती वाचून तुला काही कळलं नसतं. मामा गेले असते, मी राहिले असते आणि तू मला डबे पाठवत राहिला असतास. आज सकाळी मामा आले होते, मागचा दिवा दुरुस्त करायला आवारात सोडतील का विचारायला. त्यांना काही पत्ता नाही. त्यांच्या हातात दिवा होता आणि मला त्यांच्याकडे बघवेना.

म्हणून ही देतेय. हे स्वतः आणून देतील. मी यांना काही सांगितलं नव्हतं आणि यांनी विचारलंही नाही, फक्त पिशवी पुढे केली. आधी एक मार्चचं पान वाच. मग सहा मार्चचं, त्यात मी वाढून घेतलं ते आहे. तेही खोडलेलं नाही.

मी माफी मागत नाही. मला कोणी असं केलं असतं तर मी माफ केलं नसतं, हे या वहीत पानोपानी लिहिलेलं आहे. तुला उट्टं काढायचं असेल तर काढ, तुझा हक्क आहे. सोपं करून देते. माझ्या गाडीचा मागचा उजवा दिवा लागत नाही. विमा बावीस एप्रिलला संपतोय. आणि तिच्याही हौद्यात आतून कड्या आहेत, तुझ्यापेक्षा दोन जास्त, त्या तुलाही माहीत नाहीत. कार्यालयाचा पत्ता पहिल्या पानावर आहे. पण त्यासाठी आधी गाडी आवारातून निघायला हवी आणि एकतीस तारखेला बावीस दिवस उरलेत.

मामांना सोमवारी क्रशरवर उभं करायचं म्हणाला होतास. त्यांना नको करूस. अकरा वाजता सगळे असतात तिथे, काट्यावरचा माणूसही असतो. मी येते. मला उभी कर. तू म्हणाला होतास की ताईला कागदातलं कळतं. त्यांना सांग की तेही कळत नव्हतं. हसले तर हसू दे.

आणि ही वही नीट सांभाळ, ऑइलची काडी पुसू नकोस. हिची झेरॉक्स मी काढलेली नाही. ही मूळ आहे आणि आता तुझ्याकडे आहे.